तारामती ते छायाचित्रकार : अण्णा साळुंके यांची मूकपटातील कारकीर्द

प्रस्तावना

भारतीय चित्रपटाच्या इतिहासाचा प्रारंभ धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या मूकपटापासून मानण्याचा प्रघात आहे. त्या चित्रपटाची निर्मितीकथा आज सर्वपरिचित झाली आहे. परेश मोकाशी दिग्दर्शित 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' (२००९) या मराठी चित्रपटानंतर ती नव्या पिढीपर्यंतही पोहोचली. या कथेत एक प्रसंग हमखास सांगितला जातो. राणी तारामतीची भूमिका करण्यास एकही स्त्री तयार झाली नाही, म्हणून फाळके यांनी उपाहारगृहात काम करणाऱ्या एका तरुणाला साडी नेसवून तारामती केले, असा तो प्रसंग होय. स्पर्धापरीक्षांच्या पुस्तकांत 'भारतीय चित्रपटातील पहिली नायिका कोण?' या प्रश्नाखाली त्या तरुणाचे नाव येते आणि वाचक काहीशा कौतुकाने पुढे जातो. ते नाव अण्णा साळुंके.

गमतीची आठवण म्हणून साळुंके स्मरणात राहिले; परंतु नट आणि तंत्रज्ञ म्हणून त्यांच्या कारकिर्दीचा विचार क्वचितच झाला आहे. १९१३ ची तारामती, १९१७ च्या 'लंकादहन' मधील राम आणि सीता या दोन्ही भूमिका आणि त्यानंतर छायाचित्रकार म्हणून केलेले काम असे या कारकिर्दीचे तीन टप्पे आहेत. ते एकत्र पाहिल्यास मराठी मूकपटाच्या पहिल्या दोन दशकांतील कामाची पद्धती, नटाचे स्थान आणि स्त्रियांचा पडद्यावरील प्रवेश या तिन्ही प्रश्नांवर प्रकाश पडतो. हे तीन टप्पे जोडून पाहणे आणि साळुंके यांची निवड ही केवळ स्त्रीनटीच्या अभावी केलेली तडजोड होती काय, हे तपासणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

रंगभूमीवरील स्त्रीपार्टाची परंपरा

साळुंके यांची तारामती आजच्या प्रेक्षकाला जितकी चमत्कारिक वाटते तितकी ती १९१३ च्या प्रेक्षकाला वाटण्याचे कारण नव्हते. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगली येथे 'सीतास्वयंवर' हा खेळ केला तेव्हापासून मराठी रंगभूमीवर स्त्रीभूमिका पुरुषच करीत आले होते. अण्णासाहेब किर्लोस्कर यांच्या 'संगीत शाकुंतल' (१८८०) नंतर संगीत नाटकाचे युग सुरू झाले आणि स्त्रीपार्टी नटाला अपूर्व प्रतिष्ठा लाभली. भाऊराव कोल्हटकर आणि त्यानंतर नारायण श्रीपाद राजहंस ऊर्फ बालगंधर्व ही या परंपरेतील शिखरे होत. ज्या वर्षी 'राजा हरिश्चंद्र' पडद्यावर आला त्याच वर्षी, म्हणजे १९१३ मध्ये, गंधर्व नाटक मंडळीची स्थापना झाली. घरंदाज स्त्रियांनी बालगंधर्वांच्या वेशभूषेचे आणि केशभूषेचे अनुकरण करावे असा तो काळ होता.

म्हणून पुरुषाने स्त्रीचे काम करण्यात १९१३ मध्ये नवल नव्हते. नवल होते ते नटाच्या निवडीत. रंगभूमीवरील स्त्रीपार्टी नट लहानपणापासून मंडळीत वाढलेला, गायनाची तालीम घेतलेला आणि भाषेवर प्रभुत्व असलेला असे. त्याचे मुख्य भांडवल गळा हे होते. ज्याला गायन येत नाही आणि नाटकाचे शिक्षण नाही असा मनुष्य त्या काळी नाटक मंडळीत नायिका होऊ शकला नसता. मूकपटाच्या कारखान्यात तो होऊ शकला. या एकाच गोष्टीतून दोन कलांमधील भेद स्पष्ट होतो. आवाजाची अट नाहीशी होताच अभिनयाचे दार वेगळ्या प्रकारच्या माणसाला उघडले.

तारामतीचा शोध

फाळके यांनी १९११ मध्ये मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला आणि पडद्यावर आपल्या देवदेवता आणण्याचा ध्यास घेतला. १९१२ च्या प्रारंभी ते लंडनला गेले, तेथे सेसिल हेपवर्थ यांच्या चित्रपटनिर्मितीगृहातील काम पाहिले आणि विल्यमसन बनावटीचा कॅमेरा घेऊन परतले. दादर येथील घरीच त्यांनी निर्मितीची व्यवस्था उभारली. विम्याच्या पॉलिसी आणि पत्नीचे दागिने गहाण पडले. सरस्वतीबाई फाळके यांनी फिल्मच्या कडांना छिद्रे पाडणे, ती रसायनात धुणे अशा कामांबरोबर साऱ्या मंडळींच्या जेवणाचा भारही उचलला. तारामतीची भूमिका करावी असा प्रस्ताव त्यांच्यापुढेही आला होता. परंतु कामाचा हा डोंगर समोर असल्यामुळे त्यांनी तो नाकारला.

पुरुष नट मिळविणेही सोपे नव्हते. सिनेमात काम करणे कमीपणाचे समजले जाई, म्हणून घरी विचारल्यास 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत नोकरी करतो' असे सांगावे, असा सल्ला फाळके यांनी आपल्या मंडळींना दिल्याचे त्यांच्या चरित्रांतून नमूद आहे. स्त्रियांचा तर प्रश्नच नव्हता. वर्तमानपत्रातील जाहिरातींचा उपयोग झाला नाही. समाजाने बहिष्कृत मानलेल्या वस्त्यांतील स्त्रियांकडेही फाळके गेले. तेथेही त्यांना नकारच मिळाला. ज्यांना समाजाने अप्रतिष्ठित ठरविले होते त्यांनाही हा व्यवसाय अप्रतिष्ठित वाटावा, यावरून चित्रपटाविषयीच्या तत्कालीन लोकभावनेची कल्पना येते.

अशा स्थितीत ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके फाळके यांच्या नजरेस पडले. बारीक अंगकाठी, नाजूक चेहरा आणि हातांची ठेवण या गोष्टींनी फाळके यांचे लक्ष वेधून घेतले, असे सांगितले जाते. उपाहारगृहात त्यांना दरमहा दहा रुपये मिळत आणि फाळके यांनी पंधरा रुपये देऊ केले, हा तपशील फाळके यांच्या बहुतेक चरित्रकारांनी दिला आहे. या पाच रुपयांच्या वाढीकडे सहसा विनोद म्हणून पाहिले जाते. वास्तविक त्यात एक महत्त्वाची गोष्ट दडलेली आहे. साळुंके यांना भूमिकेचा मोबदला ठरवून मिळाला नाही. त्यांना दरमहाची नोकरी मिळाली. त्यांच्या पुढील सर्व कारकिर्दीचे स्वरूप या नोकरीने निश्चित केले.

दादर आणि वांगणी

'राजा हरिश्चंद्र' मध्ये दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र झाले, गजानन वासुदेव साने विश्वामित्र झाले आणि फाळके यांचा पुत्र भालचंद्र राजपुत्र झाला. कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांनी सांभाळला. अंतर्गृहातील दृश्ये दादर येथे आणि बाह्यदृश्यांचा काही भाग वांगणी येथे चित्रित झाला.

कल्याण परिसरातील वाचकांना वांगणीचा उल्लेख विशेष जवळचा वाटेल. कल्याणहून कर्जतकडे जाणाऱ्या लोहमार्गावर आजच्या विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या स्थानकांनंतर वांगणी लागते. आज उपनगरी गाड्यांच्या गर्दीत विरून गेलेले हे ठिकाण त्या काळी मुंबईबाहेरचे एक खेडे होते. राजवेषातील, ढाली-तलवारी घेतलेली माणसे गावात आलेली पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर आल्याचा संशय आला, मंडळींना अडकवून ठेवण्यात आले आणि फाळके यांनी सर्व प्रकार समजावून दिल्यानंतर त्यांची सुटका झाली, ही आख्यायिका फाळके-चरित्रांत आढळते. भारतीय चित्रपटाच्या पहिल्या पानावर ठाणे जिल्ह्यातील एका गावाची नोंद आहे, याचा विसर आपल्या परिसरातील अभ्यासकांना पडू नये.

कामाच्या दृष्टीने पाहिल्यास हा सारा उद्योग नाटक मंडळीपेक्षा कारखान्याच्या जवळचा होता. चित्रीकरण सूर्यप्रकाशावर अवलंबून होते. ऊन असेल तेव्हा काम आणि अंधार पडल्यावर फिल्म धुण्याची व्यवस्था, असा दिवसाचा क्रम असे. मंडळी एकत्र राहत आणि एकत्र जेवत. नट हा कारखान्यातील एक कामगार होता. फाळके यांनी 'फॅक्टरी' हा शब्द लोकापवाद टाळण्यासाठी सुचविला असला तरी त्या संस्थेचे वर्णन म्हणून तो अगदी यथार्थ होता.

मिशांचा प्रसंगही याच संदर्भात पाहिला पाहिजे. स्त्रीभूमिका करणाऱ्या नटांनी मिशा काढण्यास नाखुशी दाखविली, कारण वडिलांच्या मृत्यूनंतरच मिशा काढण्याची रूढी होती. फाळके यांना त्यांची समजूत घालावी लागली. रंगभूमीवरील प्रेक्षक दूर बसतो. कॅमेरा मात्र चेहऱ्याजवळ येऊ शकतो. स्त्रीरूपाचा जो आभास रंगमंचावर अंतरामुळे आणि दिव्यांच्या प्रकाशामुळे साधत असे, तो उन्हात, भिंगासमोर साधणे कितीतरी कठीण होते.

'राजा हरिश्चंद्र' ची लांबी ३,७०० फूट, म्हणजे चार रिळे इतकी होती. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चित्रचौकटी मावतात. हाताने फिरवायच्या कॅमेऱ्याची गती सेकंदाला १६ चौकटी धरली तर एक फूट म्हणजे एक सेकंद होतो आणि हा चित्रपट सुमारे एका तासाचा ठरतो. २१ एप्रिल १९१३ रोजी मुंबईच्या ऑलिम्पिया थिएटरात निमंत्रितांसाठी आणि ३ मे १९१३ पासून गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये सर्वांसाठी तो दाखविण्यात आला. त्याच्या जोडीला नृत्य, विनोदी प्रवेश आणि कसरतीचे खेळ ठेवलेले होते, कारण केवळ चित्रपटासाठी तिकीट काढण्याची सवय प्रेक्षकांना अद्याप लागावयाची होती.

मूकपटातील अभिनयाचे स्वरूप

साळुंके यांच्या अभिनयाचे मूल्यमापन करताना मूकपटाची तांत्रिक चौकट ध्यानात घेणे आवश्यक आहे. त्या काळातील कृष्णधवल फिल्म तांबड्या प्रकाशाला जवळजवळ दाद देत नसे. तांबडा रंग पडद्यावर काळा दिसे आणि निळा रंग पांढरट दिसे. कपाळावरचे कुंकू, ओठांचा रंग, साडीचे काठ या सर्वांचा पडद्यावरील परिणाम डोळ्यांना प्रत्यक्ष दिसणाऱ्या रूपापेक्षा वेगळा होई. नाटकातील रंगभूषेचे ठोकताळे येथे उपयोगी पडत नसत. चेहऱ्याची ठेवण आणि हातांची हालचाल यांना आलेले महत्त्व त्यामुळेच समजते. फाळके यांची नजर साळुंके यांच्या हातांवर गेली असेल, तर ती एका जाणत्या छायाचित्रकाराची नजर होती. फाळके हे सर जे. जे. कलाशाळा आणि बडोद्याचे कलाभवन येथे शिकलेले होते आणि छायाचित्रण व मुद्रण या दोन्ही व्यवसायांचा त्यांना अनुभव होता.

आज उपलब्ध असलेल्या रिळांच्या आरंभी राजा हरिश्चंद्र राजपुत्राला धनुर्विद्या शिकवीत आहे आणि तारामती ते पाहत आहे, असे दृश्य आहे. त्यातील पात्रांची मांडणी राजा रविवर्मा यांच्या चित्रांची आठवण करून देते. येथे नायिकेकडून अपेक्षित असलेली पहिली गोष्ट म्हणजे चित्रातील आकृतीप्रमाणे योग्य जागी आणि योग्य डौलात असणे. दुसऱ्या एका दृश्यात तारामती आणि तिच्या सख्या हौदात जलक्रीडा करीत असताना राजा तेथे येतो. या सख्याही पुरुष नटच होते. ओली वस्त्रे अंगाला चिकटल्यावर पुरुषाने स्त्रीचा आभास टिकविणे रंगमंचावर कधी आवश्यकच नव्हते. आजचा प्रेक्षक हे दृश्य पाहताना हसतो. परंतु कोणतेही पूर्वोदाहरण समोर नसताना ज्या नटांनी ते केले त्यांच्या धैर्याची नोंद घेतली पाहिजे.

स्त्रियांचा प्रवेश आणि साळुंके यांचे पुनरागमन

चित्रपटात स्त्रीभूमिका प्रथम पुरुषांनी केल्या आणि स्त्रिया उपलब्ध होताच पुरुष मागे सरले, असा सरळ क्रम सामान्यतः सांगितला जातो. साळुंके यांची कारकीर्द हा क्रम खोटा ठरविते.

'राजा हरिश्चंद्र' नंतर फाळके नाशिकला गेले आणि त्यांनी लगेच 'मोहिनी भस्मासुर' हा चित्रपट हाती घेतला. त्यात पार्वतीची भूमिका दुर्गाबाई कामत यांनी आणि मोहिनीची भूमिका त्यांच्या कन्या कमलाबाई यांनी केली. पुढे कमलाबाई गोखले या नावाने ओळखल्या गेलेल्या या अभिनेत्री चंद्रकांत गोखले यांच्या माता आणि विक्रम गोखले यांच्या आजी होत. भारतीय पडद्यावरील पहिल्या स्त्रिया म्हणून या मायलेकींचा उल्लेख होतो. तारामतीसाठी स्त्री मिळाली नाही त्यानंतर काही महिन्यांतच फाळके यांना एक नव्हे, दोन अभिनेत्री मिळाल्या होत्या. त्या दोघीही रंगभूमीवरून आल्या होत्या. कमलाबाई ज्या चित्ताकर्षक नाटक मंडळीत काम करीत होत्या तिचे प्रयोग त्या काळात थांबलेले असल्यामुळे त्यांना चित्रपटात काम करणे शक्य झाले.

यानंतर चार वर्षांनी, १९१७ मध्ये, फाळके यांनी 'लंकादहन' काढला आणि सीता पुन्हा अण्णा साळुंके झाले. स्त्रिया चित्रपटात काम करू शकतात हे सिद्ध झाल्यावरही फाळके पुरुष नटाकडे का परतले, हा येथील कळीचा प्रश्न आहे. प्रस्तुत लेखकाच्या मते त्याचे उत्तर कारखान्याच्या पद्धतीत शोधावे लागेल. दुर्गाबाई आणि कमलाबाई या नाटक मंडळीच्या कलावंत होत्या. मंडळीचा मोकळा काळ संपताच त्यांना परत जाणे प्राप्त होते. चित्रीकरण मात्र ऊन, पाऊस आणि पैसा यांच्या तालावर कित्येक महिने रेंगाळत असे. अशा उद्योगाला बोलावताच हजर होणारा, कॅमेऱ्यासमोर कसे उभे राहावे हे जाणणारा आणि दरमहा ठरलेल्या वेतनावर असलेला नट सोयीचा होता. साळुंके यांच्या ठिकाणी या तिन्ही गोष्टी होत्या. १९१३ मध्ये नाइलाज म्हणून झालेली निवड १९१७ मध्ये अनुभवावर आधारलेली निवड झाली होती.

लिंगभेद ओलांडणारी भूमिका-योजना फाळके यांच्याकडे एकाच दिशेने चालत नव्हती, हेही लक्षात घ्यावे. 'श्रीकृष्णजन्म' (१९१८) आणि 'कालियामर्दन' (१९१९) या चित्रपटांत बालकृष्णाची भूमिका त्यांची कन्या मंदाकिनी हिने केली. पुरुषाने सीता व्हावे आणि मुलीने कृष्ण व्हावे, या दोन्ही गोष्टी एकाच कारखान्यात घडल्या. नट स्त्री की पुरुष यापेक्षा तो हाताशी आहे काय आणि त्याचा चेहरा भूमिकेला साजतो काय, हे तेथे निर्णायक होते.

'लंकादहन' : राम आणि सीता

'लंकादहन' मध्ये साळुंके यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. भारतीय चित्रपटातील ही पहिली दुहेरी भूमिका मानली जाते. हनुमानाचे काम गणपत शिंदे यांनी केले. हा चित्रपट अत्यंत लोकप्रिय झाला. पडद्यावर राम प्रकट होताच प्रेक्षक पादत्राणे काढून हात जोडीत, असे सांगितले जाते.

दुहेरी भूमिकेमागील विचार कथेच्या रचनेतून उलगडतो. सीताहरणानंतर राम आणि सीता यांची ताटातूट होते. एक अरण्यात शोध घेत असतो आणि दुसरी अशोकवनात बंदिवासात असते. लंकादहनापर्यंतच्या कथाभागात त्या दोघांनी एका चौकटीत येण्याचे प्रसंग थोडे असतात. एकाच नटाने दोन्ही पात्रे रंगविण्यास हे कथानक सोयीचे होते. फाळके यांना चमत्कृतिपूर्ण छायाचित्रणाची हौस होती. परंतु येथे यंत्राची करामत फारशी न वापरताही दुहेरी भूमिका पार पाडता येण्याजोगी होती.

नटाच्या दृष्टीने मात्र हे सोपे नव्हते. रामाचा धीरोदात्तपणा आणि सीतेचे कारुण्य या दोन्ही वृत्ती आवाजाविना केवळ चालण्यातून, मान वळविण्यातून आणि दृष्टीतून वेगळ्या करावयाच्या होत्या. प्रेक्षक रामाला हात जोडत होते आणि सीतेसाठी हळहळत होते. दोन्ही वेळी समोर एकच मनुष्य होता. सीतेच्या वेषातही साळुंके यांचे पिळदार दंड दिसत, असा उल्लेख चित्रपटविषयक लेखनात वारंवार येतो. तो खरा मानला तरी त्यामुळे प्रेक्षकाची श्रद्धा उणावली नाही, ही गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. स्त्रीपार्टाच्या परंपरेत मुरलेला प्रेक्षक नटाचे शरीर आणि पात्र यांच्यातील अंतर मान्य करूनच पाहत होता.

कॅमेऱ्यापुढून कॅमेऱ्यामागे

१९१८ च्या प्रारंभी भागीदारांच्या भांडवलावर हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी नाशिक येथे उभी राहिली आणि फाळके यांच्या घरगुती कारखान्याचे रूपांतर मोठ्या संस्थेत झाले. भागीदारांशी मतभेद होऊन फाळके काही काळ काशीस गेले आणि १९२२ मध्ये कंपनीत परतले. या दशकात अण्णा साळुंके यांचे नाव कंपनीच्या अनेक चित्रपटांच्या श्रेयनामावलीत छायाचित्रकार म्हणून येते. उपाहारगृहातून आलेला तरुण प्रथम नायिका झाला, मग नायक आणि नायिका दोन्ही झाला आणि अखेर कॅमेऱ्यामागे उभा राहिला.

या स्थित्यंतरालाही कारखान्याच्या रचनेचेच स्पष्टीकरण लागू पडते. फाळके यांच्याकडे कामांची काटेकोर वाटणी नव्हती. चित्रीकरण संपले की प्रत्येकाने मिळेल ते काम करावयाचे, अशी शिस्त होती. कॅमेरा हाताने एकसारख्या गतीने फिरविणे, उन्हाचा अंदाज घेणे, फिल्म भरणे व धुणे ही कौशल्ये पुस्तकातून येत नसत. ती सहवासातून येत. विश्वामित्र झालेले गजानन साने हेही पुढे दिग्दर्शनाकडे वळले. साळुंके हा अपवाद नव्हता, तो या शिक्षणपद्धतीचा उत्तम नमुना होता. शिवाय कॅमेऱ्यासमोर वर्षानुवर्षे उभा राहिलेला मनुष्य कॅमेऱ्यामागे गेला तर प्रकाश चेहऱ्यावर कसा पडतो, हे त्याला आपल्याच चेहऱ्यावरून कळलेले असते.

नट म्हणून त्यांची वाट का थांबली, याचे कारणही काळातच आहे. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी 'सैरंध्री' (१९२०) मध्ये स्त्रीभूमिका स्त्रियांनाच दिल्या. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात मुंबईच्या चित्रपटसृष्टीत अभिनेत्रींची नावे जाहिरातींत ठळकपणे झळकू लागली. पुरुषाने रंगविलेल्या नायिकेची गरज संपली. रंगभूमीवरील स्त्रीपार्टी नटाला अशा वेळी दुसरा आधार नसे. साळुंके यांच्या हाती मात्र तोवर एक तंत्र आले होते.

या संदर्भात बालगंधर्वांशी तुलना उद्बोधक ठरते. प्रभात कंपनीच्या 'धर्मात्मा' (१९३५) मध्ये त्यांनी संत एकनाथांची पुरुषभूमिका केली आणि त्यानंतर 'साध्वी मीराबाई' (१९३७) मध्ये ते स्त्रीवेषात पडद्यावर आले. जो स्त्रीवेष रंगभूमीवर महाराष्ट्राला मोहवीत होता तो पडद्यावर तसे यश मिळवू शकला नाही. तोपर्यंत पडद्यावर स्त्रियांना पाहण्याची दृष्टी प्रेक्षकांना आली होती. १९१३ मध्ये एका अननुभवी तरुणाला जे जमून गेले ते १९३७ मध्ये त्या परंपरेतील सर्वश्रेष्ठ नटालाही साधले नाही. हा भेद त्या दोघांच्या गुणवत्तेचा नसून काळाचा आहे.

एक तुलना आणि साधनांचा प्रश्न

ज्या वर्षी साळुंके तारामती झाले त्याच वर्षी स्वीडनमध्ये व्हिक्टर श्योस्त्रोम यांनी 'इंगेबोर्ग होल्म' हा मूकपट दिग्दर्शित केला. दारिद्र्यामुळे मुलांना पारख्या झालेल्या विधवेची ती कथा होती आणि नायिकेचे काम हिल्डा बोर्गस्त्रोम या रंगभूमीवरील नामवंत अभिनेत्रीने केले होते. विशेष म्हणजे दोन्ही कथांतील स्त्रीचे दुःख सारखे आहे. तारामतीलाही राज्य गमवावे लागते, दास्य पत्करावे लागते आणि पुत्राचा वियोग सोसावा लागतो. एका देशात ती भूमिका प्रतिष्ठित अभिनेत्रीकडे गेली आणि दुसऱ्या देशात उपाहारगृहातील तरुणाकडे आली. चित्रपट ही कला सर्वत्र एकाच सुमारास पोहोचली, परंतु प्रत्येक ठिकाणी तिला तेथील समाजाने घातलेल्या मर्यादांतून वाट काढावी लागली.

दोन्ही देशांना जोडणारा आणखी एक धागा दुःखद आहे. स्टॉकहोमजवळील फिल्मसाठ्यात १९४१ मध्ये लागलेल्या आगीत स्वीडनमधील आरंभीच्या असंख्य मूकपटांच्या मूळ प्रती नष्ट झाल्या आणि कित्येक नटांची सारी कारकीर्द त्यांच्याबरोबर गेली. त्या काळातील नायट्रेट फिल्म अतिज्वालाग्राही असते. ती न जळताही कालांतराने विरघळून जाते. पुण्यातही जानेवारी २००३ मध्ये नायट्रेट फिल्मच्या कोठारास आग लागून जुन्या चित्रपटांचा मोठा ठेवा नाहीसा झाला. १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना झाली आणि पी. के. नायर यांनी फाळके यांच्या चित्रपटांचे अवशेष चिकाटीने मिळविले, म्हणूनच आज काही थोडे आपल्यासमोर आहे.

'राजा हरिश्चंद्र' च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे अशी १,४७५ फूट लांबीची रिळे उपलब्ध आहेत. वर दिलेल्या हिशेबाने ती सुमारे पंचवीस मिनिटांची होतात. फाळके यांनी १९१७ मध्ये हीच कथा 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' या नावाने पुन्हा चित्रित केली होती आणि उपलब्ध रिळे त्या दुसऱ्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. म्हणून वर्गात हे दृश्य दाखविताना 'ही १९१३ ची तारामती' असे निःशंकपणे सांगणे योग्य होणार नाही. हा वाद सांगितल्याने विषय अवघड होत नाही. विद्यार्थ्यांना पुरावा कसा तपासावा याचा तो उत्तम पाठ ठरतो.

समारोप

१९३२ मध्ये प्रभात कंपनीने 'अयोध्येचा राजा' हा मराठी बोलपट काढला. कथा तीच, हरिश्चंद्राची. दिग्दर्शक व्ही. शांताराम होते, हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे होते आणि तारामती दुर्गा खोटे होत्या. सुशिक्षित, प्रतिष्ठित घराण्यातील एका स्त्रीने पडद्यावर राणीचे काम करावे ही गोष्ट एकोणीस वर्षांपूर्वी कल्पनेपलीकडची होती. ग्रँट रोडवरील तरुणापासून दुर्गा खोटे यांच्यापर्यंतचा तारामतीचा हा प्रवास महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासातील एक प्रकरण म्हणून अभ्यासिला जाण्यास पात्र आहे.

वरील विवेचनातून तीन गोष्टी स्पष्ट होतात. पहिली अशी की, मूकपटाने आवाजाची अट दूर करून ज्यांना रंगभूमीवर स्थान मिळाले नसते अशांना अभिनयाची संधी दिली. दुसरी अशी की, स्त्रियांचा पडद्यावरील प्रवेश ही एका दिवसात घडलेली घटना नव्हती. स्त्रिया आल्या, पुन्हा पुरुष आले आणि मग स्त्रिया स्थिरावल्या. सामाजिक दृष्टिकोनाइतकाच त्यामागे व्यवसायाच्या रचनेचाही हात होता. तिसरी गोष्ट अशी की, आरंभीचा चित्रपट हा एका प्रतिभावंताच्या स्वप्नाइतकाच मासिक वेतनावर राबणाऱ्या माणसांच्या श्रमाचाही इतिहास आहे. सरस्वतीबाई, तेलंग, दाबके, साने आणि साळुंके यांच्यावाचून फाळके यांचे स्वप्न पडद्यावर उतरले नसते.

'पहिली नायिका पुरुष होती' हे वाक्य सांगून आपण साळुंके यांना इतिहासात जागा दिली असे समजतो. प्रत्यक्षात त्या वाक्याने त्यांची पुढील कारकीर्द झाकली गेली आणि दुर्गाबाई व कमलाबाई यांचे श्रेयही काहीसे बाजूला पडले. चित्रपटाचा इतिहास शिकविताना या तिघांची नावे एकत्र सांगितली जावीत आणि साळुंके यांच्या नावापुढे 'नट व छायाचित्रकार' असे पूर्ण लिहिले जावे, एवढी अपेक्षा येथे व्यक्त करावीशी वाटते.